जावई दार लावून काय करतो

कुलपं दुरुस्त करता करता किल्लीवाल्यांचा स्वभाव संशयी झाला होता. किल्ली हरवली म्हणून कुणी आलं, की ते आधी त्याचं तोंड निरखत, मग कुलूप. त्यामुळे जावई दर रविवारी न चुकता जेवायला येऊ लागला, तेव्हा त्यांच्या मनात पाल चुकचुकली.

"अहो, असते एकेकाला सासरची ओढ," बायको म्हणाली.

"लग्नाला नऊ वर्षं झाली. आत्ता ओढ लागली?"

मायलेकी गप्पांत रंगल्या, की जावई "जरा पडतो" म्हणून मुलीच्या जुन्या खोलीत जाई आणि आतून कडी लावी. मग खटखट सुरू. त्या खोलीत घराची कागदपत्रं ठेवलेलं कपाट होतं. किल्लीवाल्यांनी गुपचूप त्याचं कुलूप बदललं. तरी खटखट चालूच!

एका रविवारी दाराला कान लावला, तर आतून दबका आवाज आला, "अरे, धाव ना!"

आत आणखी कोण? त्यांनी फटीतून पट्टी सरकवून कडी वर केली आणि दार ढकललं.

जावई एकटाच होता. मुलीच्या कॉलेजच्या दिवसांतल्या धुळकट कॉम्प्युटरवर चौकोनी तोंडाचे खेळाडू क्रिकेट खेळत होते. जावयाचे कान लाल झाले.

"बाबा, हिला सांगू नका. ती म्हणेल, टक्कल पडलं तरी पोरखेळ सुटत नाही."

"एवढ्यासाठी इथवर येता? घरी नवा कॉम्प्युटर आहे ना?"

"त्यावर हा चालतच नाही. नव्या गेममध्ये खेळाडूंचा घामसुद्धा दिसतो, पण मन रमत नाही. यात चेंडू कुठे टोलवायचा, ते बोटांनाच ठाऊक आहे. हॉस्टेलवर आम्ही चौघं एका कीबोर्डवर भांडायचो."

किल्लीवाल्यांचा अर्धाच विश्वास बसला. खुर्ची ओढून ते म्हणाले, "सरका जरा. मी बॅटिंग करतो, तुम्ही टाका बघू."

तीनदा दांडी उडाली. चौथा चेंडू सीमेपार गेला आणि ते जागेवरच उसळले. लगेच डोळे बारीक झाले.

"मुद्दाम सोपा टाकलात ना?"

"नाही हो, बाबा!"

पुढच्या रविवारी जेवणाची वेळ टळली, तरी जावयाचा पत्ता नव्हता. किल्लीवाले खिडकीतून हलेनात.

"गाडी बंद पडली असेल," बायको म्हणाली.

"छे! घरच्या कॉम्प्युटरवर तो खेळ चालू करून घेतला असणार लबाडाने," ते पुटपुटले आणि त्यांनी चपला शोधायला घेतल्या.