स्वतःची चाल

नंदुरबारच्या मिरची बाजारामागे माझ्या एका मित्राचा फोटो स्टुडिओ होता. लहानपणी तापात त्याचा एक पाय वाळला होता. गुडघ्यावर हात दाबत, अंग झोकून चालायचा, पण ऐट अशी की बघत राहावं. लग्नाच्या मुलींचे फोटो काढले, की निगेटिव्हवर पेन्सिल फिरवून चेहऱ्यावरचे देवीचे व्रण बुजवायचा. "पोरनं लगन त जमाले पाहिजे ना, मास्तर," असं मलाच समजावायचा.

साठ सालानंतर कधीतरी त्याने सुरतेहून सिनेमाचा जुना कॅमेरा आणला. "पहिलं रीळ मन्हं," म्हणत तो माझ्या हातात दिला आणि वाळत घातलेल्या मिरच्यांमधून चालून दाखवलं.

रीळ मुंबईहून धुऊन आलं. स्टुडिओत चादर टांगून, उसन्या प्रोजेक्टरवर आम्ही दोघांनीच पाहिलं. तो हसतच बसला होता. चादरीवर एक माणूस दर पावलाला कोसळत, सावरत येऊ लागला, आणि त्याचं हसू तिथंच थिजलं.

"मास्तर, मी आसा चालस?"

मी रोज पाहत होतो. त्याने हे कधीच पाहिलेलं नसेल, हे मला सुचलंच नव्हतं.

त्याने रीळ काढलं, उजेडात धरलं आणि त्यातली इवली चित्रं एकेक करून पाहत राहिला.

"फोटो ऱ्हाता त पेन्सिल मारी देतू," तो म्हणाला.