कूलरच्या टाकीतली बाटली

ईशान, रेवा — हे मी तुमच्या आजोबांनाही कधी तोंडाने सांगितलं नाही. त्यांना ते ठाऊक होतं. तुमच्या आईला ठाऊक नाही. आणि तुम्हाला तर भलतंच ठाऊक आहे. सावकाश वाचा. रविवारी फोनवर मी मराठीचे जे धडे घेते त्यांपेक्षा हे थोडं कठीण आहे. शब्द सोपेच आहेत, बाकीचं कठीण आहे.

सुरुवात त्या परवाच्या फोनपासून करते. इथे नागपुरात भर दुपार होती, तुमच्याकडे मेलबर्नला संध्याकाळ. मी वरण गॅसवर ठेवून बसले होते. ईशान, तू पेला कॅमेऱ्यासमोर धरलास आणि म्हणालास, "आजी, ही माझी फेवरेट. गव्हाची बीअर. हिला चक्क लवंगेचा वास येतो. लोकांना हिच्यात काय आवडतं, सांग बरं?"

मी म्हणाले, "शी." सवयीने. इतक्या वर्षांची सवय आहे ती.

मग मागून तुमच्या आईचा आवाज आला. "पुरे हं ईशान. आजोबांवर जाऊ नकोस. त्यांनी जन्मभर लपूनछपून ढोसली, आजीने सोसलं." आणि रेवा, तू हसत म्हणालीस, "म्हणून तर आजी संत आहे."

मी काय केलं? काही नाही. नेट खराब आहे म्हणाले आणि फोन ठेवला. वरण करपलं. करपल्याचा वास घरभर झाला तरी मी उठले नाही. ढोसली? जन्मभर? हे शब्द आले कुठून? मी तर एकच शब्द बोलले होते, तुमची आई बारावीत असताना, एका उन्हाळ्यात. त्याचं हे एवढं झालं — समुद्र ओलांडून गेलं, माझ्या नातवाच्या तोंडापुढच्या पेल्यापर्यंत जाऊन बसलं — आणि मला आजवर कळलंच नाही? की कळत होतं?

थांबा. आधी तुमचे आजोबा सांगते, कारण ते तुम्हाला कोणी नीट सांगितलेच नाहीत.

ते उमरेडच्या विणकरांच्या घरातले. रसायनशास्त्र शिकले आणि कळमेश्वरच्या एका बीअरच्या कारखान्यात लागले. रोज सकाळच्या बसने जात. बीअर तयार झाली की ती बाहेर जायच्या लायकीची आहे की नाही हे ठरवणाऱ्या चार जिभांपैकी एक त्यांची होती. मी कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली, मुलींच्या शाळेत इंग्रजीची बाई. नवरा काय करतो असं कोणी विचारलं तर सांगायची, सातूच्या कारखान्यात आहे. बीअर सातूचीच असते, तेव्हा हे खोटं नव्हे असं मला वाटे. पाहिलंत? तेव्हापासूनच.

जेवताना ते रंगात येऊन सांगत. "फेसाशिवाय बीअर म्हणजे फोडणीशिवाय वरण." किंवा, "कडू नसन त जीभ दुसरा घोट मागतच नाही." मी म्हणे, "अहो, मुलीसमोर काय हे?" पण तुमची आई — मीनल — ताट सोडून ऐकायची. यीस्ट जिवंत असते म्हणजे काय, तिला भूक कशी लागते, बाटली तपकिरीच का — सगळं विचारायची. "उन्हानं बिघडते वं बेटा, म्हून तिले गॉगल," ते म्हणायचे. ती त्यांची लेक होती, माझी नव्हे. मला त्याचा थोडा राग होता का? होता. हेही लिहून टाकते.

घरी ते पीत नसत. एक थेंब नाही. "दिवसभर चाखतो, आता माठातलं पाणी दे." चाखायची म्हणजे थोडी गिळावीच लागते, कडूपणा जिभेच्या मागच्या टोकाला कळतो, थुंकून चालत नाही. त्यामुळे संध्याकाळी त्यांच्या तोंडाला किंचित वास असे. कामाचा वास. सुताराच्या अंगाला लाकडाचा असतो तसा.

कारखान्याकडून रीतसर मिळणाऱ्या बाटल्या ते घरी आणत आणि मित्रांना वाटून टाकत. तोवर खोकं कोठीच्या खोलीत, गव्हाच्या कोठीमागे असे.

आता येते तिथे.

मे महिना होता. शाळेला सुटी. मीनल क्लासला, हे कामावर. नागपूरचा मे तुम्ही पाहिलेला नाही, तुमची आई तुम्हाला नेहमी डिसेंबरात आणते. दुपारी रस्त्यावर कुत्रंही दिसत नाही. मी गहू काढायला कोठीच्या खोलीत गेले आणि खोक्यातली एक बाटली उचलली. का? उकाड्याने म्हणू? या माणसाचा चेहरा ज्याने उजळतो ते आहे तरी काय, हे बघायचं होतं म्हणू? मी खूप शोधलं, मला कारण सापडत नाही. स्टीलच्या पेल्यात ओतली, पदराने पेला झाकून स्वयंपाकघरात उभ्यानेच प्यायले.

पहिला घोट — कडुनिंब. मी बेसिनकडे वळलेसुद्धा. आणि मग त्या कडूच्या मागून काहीतरी आलं. चकलीची भाजणी भाजताना घरात सुटतो ना, तो वास. तोंडात. मी दचकले. मला ते आवडलं होतं. एवढी शिकलेली, एवढी नेमस्त बाई, तिला बीअर आवडली होती. मी दुसरा घोट घेतला — यांचं ते म्हणणं खरं निघालं, जिभेनेच मागितला. नंतर अंग जरा सैल झालं, ते तर फारच आवडलं. खोटं कशाला लिहू?

रिकामी बाटली मी धुतली, पुसली, आणि परत खोक्यात जागच्या जागी ठेवली. भरलेल्या बाटल्यांमध्ये एक धुतलेली रिकामी! ज्या माणसाचं कामच बाटल्यांचं, त्याला हे दिसणार नाही असं मला वाटलं.

मग अधूनमधून, दुपारची. फ्रिजमध्ये ठेवणं शक्य नव्हतं, मीनल सतत उघडायची. म्हणून कूलरच्या टाकीत. आपला तो मोठा पत्र्याचा कूलर फोटोत पाहिला असेल, खिडकीला लावलेला. खाली पाण्याची टाकी, वर वाळ्याच्या ताट्या. त्या पाण्यात बाटली माठातल्या पाण्याइतकीच गार होते, बर्फासारखी नाही. आणि ईशान, हे तुला उपयोगी पडेल — तीच खरी चव. "लोक बर्फावानी गार करून पितेत आन् म्हणतेत चव नाही. गारठ्यानं वास मरते," असं हे म्हणायचे. ते मी जेवताना ऐकलं होतं, शी म्हणत म्हणत.

एका रविवारी कूलरमधून गरम हवा यायला लागली. यांनी मागची ताटी काढली. मीनल शेजारी पान्हा घेऊन उभी. पंप वर काढला तर त्याच्या जाळीत कागदाचा लगदा. लगद्यावर सोनेरी शाई. ते जरा चक्रावले. मीनलने कागद कुठून आला हे बघायला टाकीत हात घातला आणि बाटली बाहेर काढली. न उघडलेली. बिनलेबलाची, कारण लेबल पंपात.

मी दारात उभी होते. यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि सांगू? त्यांच्या मिशीत हसू यायला लागलं होतं. अगदी आत्ता फुटणार असं. ते रागावलेच नसते. आम्ही हसलो असतो, मीनलसुद्धा हसली असती कदाचित.

"ही कोणाची?" मीनलने विचारलं.

"बाबांची," मी म्हणाले.

सहज. हात पदराला पुसत. वर्गात हजेरी घ्यावी तशा आवाजात. आवाज कापला नाही, जीभ अडखळली नाही. त्या क्षणी मला कसला धक्का बसला असेल तर याचा — की इतकं सोपं असतं?

यांचं हसू मागे गेलं. मग म्हणाले, "हो बेटा. माहीच आहे."

आता जे लिहायचं ते सगळ्यात वाईट. मीनलच्या जिवलग मैत्रिणीचे वडील दारूत बुडालेले होते. त्या घरी बाटल्या संडासातल्या फ्लशच्या टाकीत निघायच्या. ती मैत्रीण आमच्याकडे येऊन रडायची, मीच तिला जेवू घालायची. घरात लपवलेली बाटली सापडणं म्हणजे काय, हे मीनलला पक्कं ठाऊक होतं. आणि तिला ते ठाऊक आहे हे मला ठाऊक होतं. "बाबांची" म्हणताना ठाऊक होतं.

तिने बाटली बागेत नेऊन रिकामी केली. बापाशी बोलली नाही.

संध्याकाळी मी पोळ्या करत होते. हे मागे येऊन उभे राहिले. मला वाटलं, आता बोलतील. तयारीत राहिले. ते म्हणाले, "लेबल पहिले काढून टाकाचं असते वं. त्याचा डिंक पाण्यात सुटते. बाटल्या धुवाले सोपं जावं म्हून तसाच लावतेत." एवढंच. आणि हात धुऊन पाटावर बसले.

उद्या सांगेन, असं मी ठरवलं. मीनलची परीक्षा झाली की सांगेन. तिला कॉलेज मिळालं की सांगेन. तुम्ही दोघं मला ठरल्या मिनिटाला फोन करणारी आजी म्हणून ओळखता ना?

मीनल त्यांच्या स्कूटरवर बसेनाशी झाली. रोज संध्याकाळी हे दारात आले की जवळ यायची, वास घ्यायची आणि आत जायची. वास असायचाच — कामच ते. मग ते बसमधून उतरताना बडीशेप खाऊ लागले. त्यामुळे तर खात्रीच पटली तिची. यीस्टबद्दल तिने पुन्हा कधी विचारलं नाही. जेवताना ते गप्प झाले. मी "मुलीसमोर काय हे" म्हणायची वेळ पुन्हा आली नाही.

रेवा, तू झालीस तेव्हा आम्ही मेलबर्नला आलो होतो. तुला बाबागाडीतून बागेत न्यायची त्यांना फार हौस. बूट घालून तयार होऊन बसले होते. मीनल म्हणाली, "राहू द्या बाबा. आई नेईल." मला तेव्हा बोलता आलं असतं. ती तिशीतली बाई होती, आई झालेली. काय केलं असतं तिने मला? मी गाडी धरली आणि तुला घेऊन गेले. कोपऱ्यावरून वळून पाहिलं तर ते खिडकीत उभे होते, बूट घालून. त्यांनी हात हलवला. तुझ्यासाठी असेल. तू झोपली होतीस.

त्यांना जाऊन आता काही वर्षं झाली. त्यांनी कधी सांगितलं नाही — मीनलला नाही, मला टोमण्यातूनही नाही. का नाही सांगितलं, हे मी त्यांना विचारलं नाही. विचारलं असतं तर कबूल करावं लागलं असतं.

हेच मीनललाही आज, याच वेळी पाठवते आहे. तुमचे आजोबा पीत नव्हते. घरातली बीअर माझी होती.

आणि ईशान, लोकांना तिच्यात काय आवडतं, असं तू विचारलं होतंस. मी शी म्हणाले. आता खरं उत्तर देते. पेल्यावर फेस चढताना येणारा बारीक आवाज आवडतो. कडू ओसरल्यावर मागे राहणारी भाजणी आवडते. तुझ्या गव्हाच्या बीअरमधली लवंगही मला माहीत आहे; कारखान्यात एकदा करून पाहिली होती, यांनी जेवताना सांगितलं होतं, मीनल तेव्हा लहान होती. काळी बीअर कॉफीच्या वासाची असते, ती मी प्यायलेली नाही. मला साधी पिवळीच आवडते.

त्यातलीही सर्वांत आवडती कोणती, तर ही. त्या रविवारनंतरचा उन्हाळा. मी वर्षभर एकाही बाटलीला हात लावला नव्हता. एका सकाळी हे कामावर गेले, मीनल मैत्रिणीकडे गेली. दुपारी कूलरमध्ये पाणी भरायला झाकण उघडलं. टाकीच्या तळाशी एक बाटली आडवी ठेवली होती. लेबल सोललेलं. डिंकाचा डागसुद्धा राहू नये म्हणून घासून पुसलेली.

मीनल अजून त्यांच्याशी बोलत नव्हती.

मी ती बाटली काढली. शेवटच्या घोटापर्यंत प्यायले. फार छान लागली.