वांगावरचं मलम, अर्धापूरची हळद

नात नांदेडला शिकते. मागच्या महिन्यात घरी आली तेव्हा हातात एक बोटभर काचेची बाटली होती, वर रबराची टोपी. मला म्हणाली, "आबा, हे रेटिनॉल. तोंडाला लावायचं असतं. लावू का नको?"

मी चौथी शिकलेला माणूस. खताची गोणी सोडून कशावरचं धड वाचता येत नाही. पण ह्या एका औषधाचं मला विचारा, मी छातीवर हात ठेवून सांगतो. ह्याच जातीच्या औषधानं मी माझ्या बायकोचं तोंड जाळलं होतं, आणि ह्याच जातीच्या औषधानं पुढं तिचं वांगही घालवलं होतं.

म्हणलं, "लाव. पण आधी खाली बस आन ऐक."

बायकोला जाऊन दोन वर्षं झाली. तिचं नाव काढलं की पोरं विषय बदलतात, म्हाताऱ्याला त्रास होईल म्हणून. त्रास न बोलण्याचा होतो, हे त्यांना कळत नाही. त्या दिवशी मी पोटभर बोललो.

लातूर जिल्हा नुकताच झाला होता. उस्मानाबादच्या कचेऱ्या इकडं आल्या, कचेऱ्यांमागं साहेब, साहेबांमागं दवाखाने आणि दवाखान्यांमागं मेडिकलची दुकानं. अशाच एका मेडिकलवर मी खोकी उचलायला होतो. इंग्रजी अक्षर कळत नव्हतं, पण डबीचा रंग बघून औषध काढून द्यायचो. मालक गिऱ्हाइकासमोर म्हणायचा, "ह्याला वाचता येत न्हाई, पण ह्याची चूक व्हत न्हाई." ह्या बोलण्यानं मला लई चढली.

दुसऱ्या बाळंतपणानंतर बायकोच्या दोन्ही गालांवर वांग उठलं होतं. काळपट डाग, कडेनं वेडेवाकडे. ती एरवी काही मागत नसे. पण धाकट्या बहिणीचं लग्न ठरलं तेव्हा म्हणाली, "अवो, मेडिकलातून माह्या तोंडाला काही तरी आणा की. लग्नात समदे तोंडच बघतेत."

दुकानात मी बघत होतो. कातडीच्या डॉक्टरची चिठ्ठी घेऊन पुटकुळ्यांची पोरं यायची, एक ठरावीक ट्यूब न्यायची आणि तीन-चार महिन्यांनी घासल्या भांड्यासारखी स्वच्छ होऊन परत यायची. मी तीच ट्यूब घरी नेली. चिठ्ठी नाही, विचारणं नाही. नातीची बाटली म्हणजे त्या ट्यूबचं धाकटं भावंड. घर एकच, धाकटं जरा सौम्य.

बायकोनं विचारलं, "कसं लावायचं?"

"उटणं लावतात तसं. हात आखडू नको. सकाळ-संध्याकाळ दोन्ही टायमाला."

तिनं तसंच केलं. आधी बेसन-लिंबानं गाल घासून घेतले, म्हणजे औषध आत शिरंल. मग जाड लेप. आणि साल दुष्काळाचं. टँकर दोन दिवसाआड यायचा. प्यायला घागर पुरंना, तिथं तोंड धुणं म्हणजे पाण्याची नासाडी. म्हणून रात्रीचा थर तसाच ठेवून ती सकाळी त्यावर दुसरा थर द्यायची आणि दुपारपर्यंत उन्हात टँकरच्या लायनीत उभी राहायची.

चौथ्या दिवशी गाल तांबडेलाल झाले. सहाव्या दिवशी उकडलेल्या बटाट्यासारखं साल सुटलं, खालून पाणी यायला लागलं. लायनीतली एक म्हणाली, "काय गं, तव्यावर तोंड टेकीवलंस का?" दुसरी म्हणाली, "कोडाची सुरवात आसंल बाई, घागर जरा लांब ठिव." बायको मोकळी घागर घेऊन परत आली, भिंतीकडं तोंड करून बसली.

"अर्धापूरला तुम्ही जावा. हे तोंड घेऊन मी येत न्हाई."

लग्न बारा दिवसांवर होतं. अर्धापूरला तिच्या माहेरी रीत अशी की नवरीला पहिली हळद थोरल्या बहिणीनं लावायची आणि नवरीनं त्याच वाटीतली हळद उलट थोरलीच्या गालाला चोळायची. थोरलीनं गाल दिला नाही तर नवरीच्या संसाराला अपशकुन. हिला आई नव्हती. धाकटीला हिनंच कडेवर घेऊन वाढवलेली. तिच्या हळदीला ही नसणं म्हणजे काय, ते मला सांगायची गरज नव्हती.

दुसऱ्या दिवशी तिला सरकारी दवाखान्यात नेलं. डॉक्टरीणबाई होत्या, माझ्याहून तोंडाळ.

"हे कुणी दिलं?"

"म्या."

"तुम्ही डॉक्टर का?"

"न्हाई बाई. मेडिकलवर खोकी उचलतो."

"मग खोकीच उचला." बायकोकडं वळून म्हणाल्या, "किती लावत होतीस?" हिनं अख्खं बोट दाखवलं. बाईंनी कपाळाला हात लावला. "अगं, सगळ्या तोंडाला मिळून हरभऱ्याच्या दाण्याएवढं लावायचं असतं. आणि धूत कधी होतीस?"

"पानी कुठंय बाई?"

डॉक्टरीणबाईंनी तिचं तोंड उजेडाकडं वळवून बघितलं. मग हलक्या आवाजात विचारलं, "दिवस गेलेत का तुला?"

"न्हाई."

"ते एक बरं झालं. पोटात लेकरू असताना किंवा राहावं असं मनात असतानाही ह्या औषधाला शिवायचं नाही." मग बजावलं: ट्यूब बंद. नुसत्या गार पाण्यानं तोंड धुवायचं, टिपायचं, घासायचं नाही. वर साधी पेट्रोलियम जेली. उन्हात जायचं नाही. बेसन नाही, लिंबू नाही, हळद नाही.

"हळद बी न्हाई?" बायकोनं विचारलं.

"हळद तर अजिबात नाही. कोवळ्या कातडीवर चोळलीस तर पुन्हा सोलून निघशील."

अर्धापूरच्या हळदीचे दिवस आम्ही दोघांनीही बोटांवर मोजले.

टँकरच्या लायनीत मग मी उभा राहायला लागलो. सगळ्या बायका, मधी मी. "दादा, पदर घ्यायचा इसरलात जनू!" असं रोज काही तरी व्हायचं. मी म्हणायचो, "लुगडं धुवायला टाकलंय." माझी अंघोळ मी बंद केली आणि ते पाणी तिच्या तोंडाला दिलं. दुकानात मालक लांबून बोलायला लागला. बोलू दे.

कातडी पुरती भरल्यावर, महिन्याभरानं, डॉक्टरीणबाईंनी तीच ट्यूब रीतसर सुरू करून दिली. ती रीत मी नातीला जशीच्या तशी सांगितली. बाटली सगळ्यात कमी ताकदीची घ्यायची, सीलबंद, तारीख बघून. 'आठ दिवसांत गोरं' म्हणून जे विकतात त्याला हात लावायचा नाही, त्यात काय कालवलेलं असतं ते विकणाराही सांगत नाही. फक्त झोपताना लावायचं, तोंड धुऊन पुरतं कोरडं झाल्यावर. डोळ्यांच्या कडा, नाकाचे कोपरे, ओठ सोडायचे. आधी आठवड्यात दोनदाच, सोसलं तर मग वाढवायचं. वर साधी क्रीम. सकाळी उन्हाची क्रीम चुकवायची नाही, वरून ओढणी. लिंबू, घासायची पावडर, पार्लरात जाऊन वरच्या ओठावरचे केस उपटणं, सगळं तेवढ्यापुरतं बंद. जरा कोंडा सुटला तर भ्यायचं नाही, थोडं लांबवून लावायचं. आग झाली, सूज आली तर बाटली बाजूला आणि सरळ डॉक्टर. आणि तीन महिने आरशाला काही विचारायचं नाही.

नात म्हणाली, "आबा, व्हिडिओत पण हेच सांगतात."

"मग मला कशाला इचारलंस?"

"आजी म्हणायची, आबाला विचार, त्यांनी जाळून बघितलंय."

मेली तरी टोमणा ठेवूनच गेली.

पण त्या वेळी वांग जाणं अजून पुढं होतं. आधी हळद होती. बारा दिवसांत जखमा मिटल्या, पण कातडी नवी, गुलाबी, कांद्याच्या पापुद्र्यासारखी. मी म्हणलं, "चल, हळदीचं मी बघतो."

"काय बघता? बायकांत येऊन बसता का?"

"बसतो."

नांदेडला गाडी बदलून अर्धापूरला उतरलो. त्या वर्षी केळीच्या बागा कमरेत वाकल्या होत्या, तरी मांडवाच्या दोन्ही बाजूंना केळीचे खांब बांधलेले होतेच. पदर नाकापर्यंत ओढून ही गेली तशी बायकांत कुजबुज सुरू झाली. कोड, गजकर्ण, जिला जे सुचलं ते.

हिनं नवरीला पहिली हळद लावली. मग नवरीनं वाटीत बोटं बुडवली आणि हिच्या गालाकडं हात नेला. ही मागं सरकली नाही. डोळे मिटून गाल पुढं केला. बहिणीसाठी पुन्हा सोलून घ्यायला तयार होती ती. मी चपला तिथंच सोडल्या आणि बायकांमधून वाट काढत आत घुसलो.

"थांब! तिच्या गालाला लावू नको."

त्यांची आत्या उसळली, "जावईबापू, तुमचं काय काम हितं? गाल न्हाई दिला तर पोरीला अपशकुन."

"आत्याबाई, हे कोड न्हाई आन गजकर्ण बी न्हाई. म्या अडाण्यानं मेडिकलातलं औषध आणून हिचं तोंड जाळलंय. चूक माही हाय." मी नवरीपुढं मांडी घालून बसलो. "हिच्या वाटची हळद मला लाव."

नवरीनं एकदा बहिणीकडं बघितलं, एकदा माझ्याकडं.

"दाजी, खरंच लावू?"

"लाव की. लगीन लागायचंय तुझं."

तिनं दोन्ही गालांना चोळली. मग तिच्या मैत्रिणी तुटून पडल्या. कानात, नाकात, मिशीत, जिथं बोट शिरंल तिथं हळद. आत्याबाईंनीही शेवटी एक पंजा डोक्यावर थापला आणि म्हणाल्या, "आता काय अपशकुन व्हतोय!"

पदराआडून आधी हुंदका ऐकू आला असं मला वाटलं. वळून बघितलं तर पदर सुटला होता, उघड्या तोंडानं ती हसत होती, सगळ्यांसमोर, आणि एका हातानं गाल धरून मला म्हणत होती, "अवो, पुरं करा, हसवू नका. कातडं ताणतंय."

मी मिशीला अजून थोडी लावून घेतली.