माझ्या वाटणीच्या टाळ्या

"भावा, चुकलं व्हय?" असं विचारून तो मान खाजवायचा आणि समोरचा हसेपर्यंत जागचा हलायचा नाही. तुमच्याही कामावर असा एखादा असेलच, ज्याच्या चुकीवरसुद्धा लोक खूश असतात.

आमचा हा शिरोलीच्या एका फाउंड्रीतला. तो क्रेनवर, मी स्टोअरला. कंपनीच्या वर्धापनदिनाला कँटीनमध्ये नाटक व्हायचं आणि नायक मीच. मला एकच हाव होती. एकदा तरी सगळ्या कँटीननं फक्त माझ्यासाठी टाळ्या वाजवाव्यात.

एका वर्षी त्याला पडद्याच्या दोरीवर उभा केला. घंटा झाली, मी तावातावानं भाषण सुरू केलं आणि पडदा बंदच! विंगेत बघतो तर गडी दोरी धरून माझ्या हाताकडं टक लावून उभा.

"ओढ की!" मी ओरडलो.

"इशारा कुठं दिलास? इशाऱ्याबिगर मी काय उचलत न्हाय."

क्रेनची सवय! बाहेर सगळ्यांना ऐकू गेलं. पडदा उघडला तेव्हा लोक पोट धरून हसत होते, आणि टाळ्या त्याला.

पुढच्या वर्षी मीच सुचवलं, ह्याला माझा मेलेला बाप करा. मढं काय घोळ घालणार? मी प्रेतापाशी बसून रडायला लागलो. पुढच्या रांगेत बायकांनी डोळ्यांना पदर लावले, माझ्या बायकोनंसुद्धा. आणि नेमका दुसऱ्या पाळीचा जेवणाचा भोंगा वाजला. मढं उठलं, गळ्यातला हार काढला आणि हात धुवायला निघालं! निम्म्यात थबकून म्हणतं कसं, "भावा, चुकलं व्हय?"

लोकांनी कँटीन डोक्यावर घेतलं. घरी जाताना गाडीवर मागं बसलेली बायको हसू आवरत म्हणाली, "त्यांनी काय काम केलं हो!" माझ्या अंगाचा तिळपापड झाला. महिनाभर घोकायचं मी आणि नाव ह्याचं!

परवा तो गेला. बसल्या जागी, अटॅकनं. मंगळवार पेठेतली त्याची गल्ली माणसांनी भरून गेली होती. आपल्याला एवढी माणसं येतील का, हे तिथंही मनात आलंच. जळलो मी, खोटं कशाला सांगू?

मग त्याला दारात ठेवलं. मी पायाशी बसलो. "ऊठ की रं," एवढंच तोंडातून आलं. हमसून हमसून रडलो, नाटकात कधी जमलं नव्हतं तसं.

माझ्याकडं कुणी बघितलंसुद्धा नाही. सगळे त्याच्याकडंच बघत होते.