बाईंनी वाचलेला पंचनामा

ॲड. वेणूबाई शेंडे यांची आणि माझी पहिली भेट मुळीच गौरवास्पद नव्हती. पंधरा-सोळा वर्षांपूर्वी गोंडपिपरी तालुक्यातील एका सरकारी कार्यालयात मी लिपिक होतो. आमचे तलाव चौकीदार सदाशिव गेडाम यांना बडतर्फ केले गेले होते आणि त्यांच्या वकील म्हणून बाई चंद्रपूरहून बसने आल्या होत्या. त्यांना फाईलच्या नकला हव्या होत्या. साहेबांच्या इशाऱ्यावरून मी "उद्या या" म्हणालो. दुसऱ्या दिवशीही तेच म्हणालो. तिसऱ्या दिवशी बाईंनी माझ्या टेबलासमोर बैठक मारली, भात आणि सुक्या झिंग्यांचा डबा उघडला आणि विचारले, "बाबू, तुमचा उद्या कई उगवते जी? मी आता इथीच बसून राह्यली." संध्याकाळच्या आत नकला देऊन मी मोकळा झालो.

बाईंच्या पंचाहत्तरीच्या या गौरवग्रंथात मला एक कबुली द्यायची आहे. गेडाम यांच्या बडतर्फीचा आदेश मीच टाईप केला होता. आरोप होता, दीड महिना विनापरवानगी गैरहजेरी. खरे तर एका दूरच्या तलावाची पाळ झिरपू लागली होती आणि साहेबांनीच त्यांना तिथे मुक्काम करायला तोंडी सांगितले होते. मग साहेब बदलले. नव्या साहेबांना लेखी आदेश हवा होता आणि तो कुठेच नव्हता. चौकशीची नोटीस गेडाम यांच्या कुलूपबंद खोलीच्या दारावर चिकटवली गेली, चौकशी एकतर्फी उरकली आणि गावाकडे बायको, दोन लेकरे असलेला माणूस घरी बसला. मला सगळे ठाऊक होते. मी गप्प राहिलो, कारण मलाही नोकरी टिकवायची होती.

बाई फाईलमधला प्रत्येक कागद वाचतात, पाठकोरा असला तरी उलटून पाहतात. नोटीस चिकटवल्याचा पंचनामा माझ्याच हातचा होता. शेजारी विचारपूस करून लिहायचे, ही माझी जुनी खोड. त्यामुळे त्यात एक वाक्य येऊन गेले होते: "शेजारी सांगतात की, सदर कर्मचारी साहेबांच्या सांगण्यावरून तलावाच्या पाळीवर मुक्कामी आहे." खाली दोन पंचांच्या सह्या. चौकशी अधिकाऱ्यांनी ते वाचले नाही, साहेबांनी वाचले नाही, मी तर डोळेझाकच केली. बाईंनी वाचले.

नागपूरला न्यायाधिकरणापुढे सरकारी वकील म्हणाले की, लिपिकाने ऐकीव गोष्टी लिहिल्या आहेत. मी फाईल घेऊन मागेच बसलो होतो. बाई शांतपणे म्हणाल्या, "या संपूर्ण फाईलमध्ये जाऊन विचारणारा हा एकच माणूस आहे." कर्मचारी कुठे आहे हे कार्यालयाला माहीत होते, हे सिद्ध झाले. बडतर्फी रद्द झाली आणि गेडाम कामावर परतले.

पंचनाम्यात ते वाक्य का घातले, म्हणून लगेच मला कारणे दाखवा नोटीस आली. कोणत्या तोंडाने बाईंकडे जावे? तरी गेलो. दारातच म्हणाल्या, "काऊन उभे जी? पहिले जेवा." जेवताना मी धीर करून सांगितले की आदेश मीच टाईप केला होता.

"मले ठाऊक आहे. खाली तुमची आद्याक्षरं होती ना," बाई म्हणाल्या. "पण पंचनामाही तुमचाच होता. मी त्या माणसाले जेवू घालून राह्यली."

मग माझा चार पानी खुलासा बाजूला सारून त्यांनी तीन ओळींचे उत्तर सांगितले. प्रकरण तिथेच मिटले. त्या जेवणाचे ऋण मी आजही मानतो.

यंदा गेडाम रीतसर, वयोमानानुसार निवृत्त होत आहेत. निरोप समारंभाला यायचे बाईंनी कबूल केले आहे. आमंत्रणाची गोष्ट निघाली तेव्हा गेडाम यांच्या वृद्ध आई खाटेवरून म्हणाल्या, "माह्यं उरलंसुरलं आयुष्य त्या बाईले लागू दे." मी म्हणालो, "आई, तेवढ्यानं भागत नाई, बाईले लय लागते." त्यात आम्हा सर्वांच्या आयुष्याचीही थोडी थोडी भर पडो आणि बाईंच्या समोर बाकावर आपली फाईल घेऊन बसणाऱ्या माणसाला त्या अशाच धडधाकट भेटत राहोत.