तांदळात लिहिलेलं नाव

आमच्या घरात एकही भांडं बिननावाचं नाही. वाटी, तांब्या, दुधाचं पातेलं, अगदी चहाच्या कपांचा ट्रेसुद्धा. जिथं मशीनची सुई टेकेल तिथं वडिलांचं नाहीतर दादाचं नाव ठिपक्याठिपक्यांनी घातलेलं. शहरातल्या मैत्रिणींना याची गंमत वाटते. भूकंप झाला तेव्हा मी लहान होते. आमच्या सास्तूरची घरं पडली, माणसं गेली आणि पुढं कितीतरी दिवस ढिगाऱ्यातून भांडी निघत राहिली. चेपलेले हंडे, दुमडलेली ताटं. कुणाचं काय ते त्यावरच्या नावावरून कळायचं. आईनं तिच्या धाकट्या जावेचा तांब्या तसाच ओळखला. जाऊ काही वाचली नाही. तेव्हापासून कोरं भांडं दिसलं की आईच्या जिवाला घोर लागतो.

हे आधी सांगते, कारण पुढचं सगळं रामायण त्यातून घडलं.

मी व्हिडिओ आणि परफॉर्मन्स करते. म्हणजे नक्की काय, ते गावात समजावून सांगायचं मी केव्हाच सोडलं. आई 'शूटिंगचं काम' म्हणते, मग लोक घरातल्या लग्नाची तारीख सांगून मी मोकळी आहे का विचारतात. पुण्यात एकदा मी दुपारभर एका रिकाम्या खोलीत उभी होते. पदर डोक्यावर घ्यायचा, तो घसरू द्यायचा, पुन्हा घ्यायचा, एवढंच. बघणाऱ्यांपैकी एक बाई रडल्या. नंतर बाईचं शरीर, बाईवरची नजर, यावर बरंच बोलणं झालं. गावी आल्यावर वहिनीला हे सांगितलं तर ती भाकरी थापता थापता म्हणाली, "आन् हे बघायला मानसं आली व्हती?" मला हसू आलं आणि थोडा रागही आला. कुणाचा ते मात्र चटकन कळेना.

वहिनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको. मी तिच्याहून लहान, तरी मी तिला तू म्हणते आणि ती मला तुम्ही. लग्नात दादानं रिवाजाप्रमाणे तांदळानं भरलेल्या ताटात अंगठीनं तिचं नवं नाव लिहिलं. त्या वेळी टीव्हीवर जोरात चाललेल्या एका मालिकेतल्या सुनेचं होतं ते. मालिका कधीच बंद पडली, वहिनीला नाव चिकटून राहिलं. जुनं नाव फक्त तिची आई घ्यायची, माहेराहून, तामलवाडीहून. तिचे भाऊ काय, ताईच म्हणायचे. फोन लागला की म्हातारी शेतात हाक मारल्यासारखी त्या नावानं ओरडायची, आणि वहिनी हातातलं काम टाकून "ओ" म्हणायची. तसा आवाज ती घरात एरवी कधी काढत नसे.

म्हातारी वारली. तेरावं करून वहिनी परत आली तेव्हा मी गावीच होते. मोरीवर बसून भांडी घासता घासता ती म्हणाली, "आता त्या नावानं हाक मारनारं कुनी ऱ्हायलं न्हाय, ताई. म्या गेल्यावर कुनाला ठावं बी ऱ्हानार न्हाय की असं काय नाव व्हतं." ती रडत नव्हती. मलाच कसंतरी झालं.

त्यातून मला एक व्हिडिओ सुचला. तांदळाचं ताट, एका बाईचा हात, आणि त्या हातानं तांदळात लिहिलेलं लग्नाआधीचं नाव. लिहायचं आणि पुसायचं. तोंड दिसणार नाही, घर दिसणार नाही, कुणाची कोण ते कळणार नाही, असा शब्द मी दिला. गल्लीतल्या बायका आधी लाजल्या, मग एकमेकींना ढकलत तयार झाल्या. आमच्या मागच्या ओळीत ब्लाउज शिवणारी एक मुसलमान बाई राहते, तिलाही बोलावलं. ती म्हणाली, "आमच्यात नाव बदलत न्हाईत, पर घेतं कोन? समद्या गावाला म्या नुस्ती अम्मीच." तीही बसली.

उमरग्याहून मी नवी कोरी ताटं आणून ठेवली होती. आईनं ती पाहिली आणि मला न विचारता लोहाऱ्याच्या भांड्याच्या दुकानात नेऊन प्रत्येकावर नाव घालून आणलं. जिच्या हाताखाली जे ताट जाणार तिच्या नवऱ्याचं, गावासकट. काम झालं की बायका ताटं घरी नेतील, अदलाबदल नको, एवढाच तिचा हिशेब. कॅमेरा लावून होईपर्यंत वहिनीनं आणि तिनं मिळून ताटं तांदळानं भरून ठेवलेली, त्यामुळे तळाशी काय आहे ते मला दिसलंच नाही.

दुपारी पुढच्या खोलीत शूटिंग केलं. एकीनं नाव लिहिलं आणि कुणी बघतंय की काय अशा घाईनं मिटवलं. एक लिहून झाल्यावर पुसेचना, नुसती बघत बसली. वहिनीची पाळी आली तेव्हा तिच्या बोटानं सवयीनं नवंच नाव लिहिलं. ती थांबली. फुस्सकन हसली. मग अख्खा तळवा फिरवून ते पुसलं, आणि हळूहळू, एकेक अक्षर जपून, जुनं लिहिलं.

एडिटिंग करताना दिसलं की तळव्यानं तांदूळ बाजूला सरल्यावर ताटाचा तळ उघडा पडलाय आणि त्यावर दादाचं नाव चकाकतंय. बाकीच्यांचे एखाददुसरे ठिपके दिसत होते, ते झाकता येण्याजोगे होते. हे मात्र लख्ख. मी लगेच वहिनीला फोन केला. म्हटलं, दादाचं नाव दिसतंय, तेवढं काढून टाकते. ती म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. हाय ते हाय." मी पुन्हा विचारलं. पुन्हा तेच उत्तर. म्हणून राहू दिलं.

पुण्यात तो भिंतभर दाखवला. ताटातला दाणा मुठीएवढा झाला आणि ठिपक्यांचं नाव दुकानाच्या पाटीएवढं. आमच्या तालुक्यातल्या कुणीतरी तेवढाच तुकडा मोबाइलवर घेतला. दोन दिवसांत तो सास्तूरला पोचला.

दादा वाईट माणूस नाही, आणि मला त्याचाच जास्त त्रास होतो. बहिणीला शिकू द्या म्हणून वडिलांशी भांडलेला माणूस आहे तो. मी गावी गेले तेव्हा तो ओसरीत उभा होता. "फाट्यावर लोक हसायलेत," म्हणाला. "म्हनायलेत, बायकोनं घासून काढलं तुला." मी सांगू लागले की तिनं नाव पुसलं नाही, उलट तिच्या हातानं ते उघडं पडलं. त्यानं ऐकून घेतलं नाही. "तिचं तेवढं काढ त्यातून. न्हाय तर तू बी ह्या घरात यायचं न्हाय."

पुढं दिल्लीच्या प्रदर्शनाचं बोलावणं आलेलं होतं. मी पेटलेच होते. म्हटलं, "हात तिचा आहे, दादा. काढायचं की ठेवायचं ते ती सांगेल." बायकांनी स्वतःचं स्वतः ठरवावं, असं मी भाषणांतून नेहमी म्हणते. पण दादा आतल्या दारात उभ्या असलेल्या वहिनीकडं वळून "सांग," म्हणाला तेव्हा मला धस्स झालं. मी तिला आधार दिला की कोंडीत पकडलं, कुणास ठाऊक.

वहिनीनं मान खाली घालून सांगितलं, "इचार करून सांगते." त्या घरात तिच्या तोंडून असलं उत्तर कुणी ऐकलेलं नव्हतं. दादानं त्या दिवसापासून तिच्याशी बोलणं सोडलं. आईनं वाढलं तरच जेवायचा. वहिनी पाणी घेऊन गेली की तांब्या तसाच राहायचा. आई सारखी डोळे पुसत म्हणायची, "म्याच नाव घातलं म्हनून झालं हे समदं." मी तिच्यावर चिडले आणि मग तिच्याजवळ जाऊन बसले. दुसरं काय करणार?

तिसऱ्या दिवशी दादा सोयाबीन बघायला शेताकडं गेला आणि वहिनी माझ्याकडं आली. "काढा," म्हणाली. "पर आदी मला दावा की एकदा."

तिनं तो व्हिडिओ पाहिलाच नव्हता. सगळ्या गावानं पाहिला, तिनं नाही. मला स्वतःची शरम वाटली. भूकंपानंतर बांधलेल्या आमच्या घरांच्या भिंती सरळ आणि पांढऱ्या, त्या कामी आल्या. खिडकीवर चादर लावली, छोटा प्रोजेक्टर लावला. आई भिंतीकडं तोंड करून बसली. वहिनी स्वयंपाकघराच्या दारातच उभी राहिली, गॅसवर दूध होतं म्हणून.

आईला अक्षरं आली ती उतारवयात, साक्षरता वर्गात. तेव्हापासून दिसेल ते ती मोठ्यानं वाचते. एसटीची पाटी, गोळ्यांचं पाकीट, सगळं. भिंतीवर पहिल्या बाईचं नाव उमटलं तसं तिनं ते वाचलं. "आगं, हिचं नाव हे व्हय?" दुसरीचं वाचलं. तिसरीचं. इतकी वर्षं शेजारी राहिलेल्या बायका, आणि ही नावं ती पहिल्यांदा उच्चारत होती. वहिनीचा हात आला. नवं नाव आलं, तेव्हा आई म्हणाली, "ही आपलीच." तळवा फिरला. दादाचं नाव चमकलं, ते आईनं वाचलं नाही. मग जुनं नाव यायला लागलं. आईनं एकेक अक्षर सुटं वाचलं, आणि पुरं झाल्यावर ते जोडून, तिच्या त्या खणखणीत आवाजात, एकदम म्हटलं.

"ओ," दारातून वहिनी म्हणाली.

आई गर्रकन वळली. मी व्हिडिओ थांबवायला हात पुढं केला होता, तो तसाच राहिला. वहिनीनं स्वतःच्याच तोंडावर हात ठेवला होता. हा तोच आवाज होता, तामलवाडीच्या फोनवरचा. मला रडू आवरेना. आई नुसती तिच्याकडं बघत राहिली. दूध उतू गेलं तेव्हा तिघी भानावर आलो.

गॅस पुसून झाल्यावर वहिनीनं खिडकीवरची चादर काढली आणि तिची घडी घालत म्हणाली, "आता काढा, ताई." मी म्हटलं, नक्की? "व्हय. मला ह्या घरात ऱ्हायचंय. तुमी पुन्याला जाताव."

मी काढलं. माझ्याजवळ त्याची प्रत नाही. तिचं नाव मी इथंही लिहीत नाही, कारण तिनं काढा म्हटलं ते कायमचं. दिल्लीला तिच्या जागी तेवढा वेळ पडदा काळा ठेवला. एका जाणत्या बाईंनी मला मिठी मारून सांगितलं की तो काळा पडदाच सगळ्यात धीट जागा आहे. मी आभार मानले आणि बाहेर येऊन चहा प्यायले. फार घाण वाटलं मला.

दादा आता वहिनीच्या हातचं जेवतो, बोलतोही. मला दिवाळीला ये म्हणाला. आई पूर्वीसारखीच तिला हाक मारते, नव्याच नावानं. पहिल्या हाकेला वहिनी ओ देत नाही. हातातलं काम चालू ठेवते आणि दुसऱ्या हाकेला देते. दादाला वाटतं, तिला हल्ली कमी ऐकू यायला लागलंय. लातूरच्या कानाच्या डॉक्टरला एकदा दाखवून आणू म्हणतो, आणि आई काही न बोलता दुसरी हाक मारते.