दाराबाहेरचा खोकला

बहात्तरच्या दुष्काळात आमचं दुकान पाण्यावाचून बसलं. शनिशिंगणापूरला वडील तेल आणि रुईच्या पानांच्या माळा विकत. पुरुषांनी अंघोळ करून ओलेत्यानं चौथऱ्यावर जायचं, ही रीत. विहिरीच आटल्या, तर अंघोळ कशाची आणि माळ घेणार कोण? शनिवारसुद्धा रिकामे जाऊ लागले. आई-वडील रस्त्याच्या कामावर खडी फोडायला गेले. त्यांच्या हाताला फोड, आणि मी नगरहून बी.ए. होऊन घरात बसलेला. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. त्याचा अभिमान तेव्हा होता, आजही आहे.

साखर कारखान्यात कारकुनाची जागा मिळत होती. त्याच आठवड्यात मुंबईहून कार्ड आलं. कॉलेजच्या संमेलनात माझी एकांकिका पाहिलेले परीक्षक आता टीव्हीवर निर्माते झाले होते. गावाकडचं अर्ध्या तासाचं नाटक लिहून आणा, असं त्यांनी कळवलं होतं.

टीव्ही म्हणजे काय, हे वडिलांना समजावताना माझी पुरेवाट झाली. शेवटी ते म्हणाले, "येक डाव लिही. मी डोळ्यानं बघीन, तवा मानीन. न्हाईतर गुमान कारखान्यात जायचं."

सासू-सुनेच्या अबोल्यावर नाटक लिहिलं आणि मुंबई गाठली. पहिल्याच तालमीत सासूचं काम करणाऱ्या बाईंनी वही खाली ठेवली.

"अहो लेखक, या घरात सात माणसं येतात. दार एकदाही वाजत नाही, कडी कुणी काढत नाही. माणसं काय भिंतीतून येतात?"

मी पानं चाळली. खरंच की, अख्ख्या नाटकात दार नव्हतं. आमच्याकडे घराला चौकट असते, दार नसतं. फार तर पडदा. नगरला होस्टेलवर चार वर्षं काढली, तरी गावातलं घर लिहायला बसलो की माझ्या हातून दार काही यायचं नाही.

"मग कोण आलंय हे आतल्यांना कळतं कसं?" निर्मात्यांनी विचारलं.

"खोकून."

सगळे हसले. मी सरळ उठून करून दाखवलं. सासरा बाहेर थांबून दोनदा खोकतो. शेजारीण अंगणातूनच पोराला हाक मारते. सून माहेराहून आली की आधी बांगड्या वाजवते, मग पडदा सारते.

बाईंनी वही पुन्हा उचलली. मग म्हणाल्या, "अबोला धरलेल्या बाईला हे बरंय. वळून न बघता कळतं, कोण आलं ते."

निर्मात्यांनी सेट उभारणाऱ्या सुताराला हाक मारली. "दार काढा हो ते. पडदा लावा."

नाटक दाखवलं त्या सुमारास पुण्यातही टीव्ही दिसायला लागला होता. एका वर्गमित्राच्या घरी मी दुपारपासून जाऊन बसलो. आमच्या गावचा एक टेम्पोवाला आई-वडिलांना तिथं सोडणार होता. सात वाजले, बातम्या झाल्या, तरी दोघांचा पत्ता नाही. वडिलांनी पाहिलं नाही, तर कारखाना ठरलेला.

तेवढ्यात मित्राची आई म्हणाली, "जिन्यात कोण खोकतंय मघापासून? औषध तरी घ्यावं माणसानं."

मी धावत जाऊन दार उघडलं. धुतलेलं धोतर नेसून वडील उभे, मागं आई.

"पाव घंटा झाला खोकतुय," वडील म्हणाले. "समदी भैरी हायेत का काय?"

"म्या म्हनलं, ढकला दार," आई म्हणाली. "तर म्हनत्यात, लोकाच्या घरात आसं घुसू न्हाई."

त्यांना आत बसवतोय तोवर नावं सुरू झाली. दोघांना वाचता येत नव्हतं. माझं नाव आलं तेव्हा मी काचेवर बोट ठेवलं. आईनं लगेच त्या जागी हात लावला, तर तिथं दुसऱ्याचं नाव आलेलं.

नाटकातला सासरा पडद्याबाहेर दोनदा खोकला. वडील पुढं सरकले.

"ह्यो तर माझा खोकला हाय."

"तुमचाच, आबा."

"इचारायचं तरी हुतंस लेका."

मग पडद्याबाहेर आवाज झाला रे झाला, की बाहेर कोण आहे हे ते घरातल्या सगळ्यांना आधीच सांगू लागले. एकदाही चुकले नाहीत. निघताना म्हणाले, "कारखान्याला कळीव, येत न्हाई म्हनून."

मी कारखान्याला तसं कळवलं. पुढं टीव्हीसाठी पुष्कळ नाटकं लिहिली, तीन मराठी चित्रपटांच्या पटकथा लिहिल्या, आणि लिहिण्यावरच घर चालवलं.